पात्याला बाक का असतो

टर्बोमशिन्स हा विषय मला येत नव्हता, आणि नेमका तोच मला शिकवायला दिला गेला. आज हे सहज लिहितेय. तेव्हा कुणाला सांगायची माझी तयारी नव्हती.

आमचं इंजिनिअरिंग कॉलेज परळ आणि दादरच्या मधे, एका बंद गिरणीच्या भिंतीला लागून आहे. मी तिथेच शिकले आणि तिथेच लेक्चरर म्हणून लागले. पंप, पंखे, पाण्यावर आणि वाफेवर चालणाऱ्या टर्बाइन, म्हणजे जिथे फिरतं चाक पाण्याला किंवा हवेला ताकद देतं नाहीतर पाण्याकडून, वाफेकडून ती घेतं, ती सगळी यंत्रं या विषयात येतात. वर्षानुवर्षं तो एकच सर शिकवत होते. मलाही त्यांनीच शिकवला. टर्म सुरू होऊन तीन आठवडे झाले आणि सरांची अचानक बायपास करावी लागली. शुक्रवारी विभागप्रमुखांनी मला केबिनमध्ये बोलावलं आणि सोमवारपासून हा विषय तू घे म्हणाले. मी तयारीला आठवडा मागितला. तुला तर यात वर्गात सगळ्यात जास्त मार्क होते, आता तयारी कसली, असं म्हणून त्यांनी पुढची फाइल उघडली.

मार्क होते, हे खोटं नाही. ते कसे आले ते मला ठाऊक होतं. मी जुने पेपर सोडवून सोडवून गणितांचे सहा-सात प्रकार हाताला लावून घेतले होते. वेगाचा त्रिकोण काढायचा, कोनाचा आकडा टाकायचा, उत्तराखाली दोन रेघा मारायच्या. हा त्रिकोण कशाचा, त्याच्या तीन बाजू कुणाच्या, असं कुणी विचारलं असतं तर मी गप्प बसले असते. कुणी विचारलं नाही.

घरी आले तेव्हा आई भाजी निवडत होती. ती परळच्या एका हॉस्पिटलात आया होती, रिटायर होऊन चार वर्षं झालीत. तिला मी सांगितलं की असा असा विषय गळ्यात आलाय आणि मला तो येत नाही. आईने मान वर न करता विचारलं, "किती दिवस हत?"

"दोन."

"मगे शीक. माका तरी पयल्या दिवशी काय येत होता? सिस्टरीक इचारलंय, शिकलंय."

तिच्या लेखी विषय तिथे संपला.

पहिला आठवडा मी निभावून नेला. आदल्या दिवशी पुस्तकातून वहीत उतरवायचं आणि दुसऱ्या दिवशी वहीतून फळ्यावर. साठेक मुलं मुकाट्याने लिहून घेत होती. त्या आठवड्यात मी वर्गाकडे तोंड करून फार कमी उभी राहिले. दुसऱ्या आठवड्यात पंप सुरू झाला. पंपाच्या आत जे चाक फिरतं त्याला इम्पेलर म्हणतात. त्याच्या मध्यात पाणी शिरतं आणि वळलेल्या पात्यांमधून सरकत कडेने बाहेर फेकलं जातं. मी चित्र काढलं, बाण काढले, आणि पाती फिरण्याच्या दिशेच्या उलट, म्हणजे मागे वळलेली असतात असं लिहिलं.

शेवटून दुसऱ्या बाकावरच्या एका मुलीने हात वर केला. ती डिप्लोमा करून थेट दुसऱ्या वर्षाला आलेली, माझगावची. वडिलांची मासेमारीची बोट, आई भाऊच्या धक्क्यावर मासळी विकायची. वर्गात फारसं बोलायची नाही.

"मॅडम, पाती मागे का वळवतात? पुढे वळवली तर पाणी जास्त जोरात फेकलं जाईल ना?"

मी म्हटलं, एफिशियन्सीसाठी.

"हो, पण का?"

तिच्या आवाजात खोचकपणा अजिबात नव्हता. तिला खरंच कळून घ्यायचं होतं. मी हातातल्या वहीत पाहिलं. वहीत ते नव्हतं. मी उद्या सांगते म्हणाले आणि पुढचं गणित घातलं. गणित सोडवताना माझा खडू दोनदा तुटला.

त्या संध्याकाळी स्टाफरूममध्ये बसून मी तीन पुस्तकं उघडली. सूत्र प्रत्येकात होतं आणि सूत्रानुसार त्या मुलीचं म्हणणं बरोबर निघत होतं. पुढे वळलेलं पातं पाण्याला जास्त ताकद देतं. मग जगभर पंपांची पाती मागे का वळवतात, ते एक-दोन ओळींत उरकलं होतं आणि त्या ओळी मला कळत नव्हत्या. माझ्या ध्यानात आलं की मी आजवर इम्पेलर हातात धरलेलाच नाही. मेकॅनिकल इंजिनिअर होते, मास्टर्स केलं होतं, आणि पंप म्हणजे माझ्यासाठी एक चित्र होतं.

शनिवारी मी सरांकडे गेले. ते गिरगावात, खोताच्या वाडीच्या अलीकडच्या गल्लीत तिसऱ्या मजल्यावर राहतात. इमारतीला लिफ्ट नाही, त्यामुळे ऑपरेशननंतर ते खाली उतरलेच नव्हते. काकूंनी दार उघडलं आणि पंधरा मिनिटं, जास्त नाही, असं बजावून मला आत घेतलं. सर खिडकीशी खुर्चीत बसले होते. खूप वाळले होते. तब्येतीची चौकशी झाल्यावर मी आडवळण न घेता सांगितलं की वर्गात एका मुलीने असा प्रश्न विचारला आणि मला उत्तर आलं नाही.

सरांनी हातातलं वर्तमानपत्र बाजूला ठेवलं. मग म्हणाले, "आधी सांग, त्रिकोण कशाचा?"

मी कबूल केलं की ते मला नीट माहीत नाही.

त्यांना राग येईल असं वाटलं होतं. त्यांनी औषधाचं रिकामं पाकीट उलटं केलं आणि पेन मागितलं. "चौपाटीवर पोरांचे फिरते घोडे असतात. त्यातल्या एकावर तू बसलीयस आणि हातातला चणा सरळ बाहेर फेकलास. तुला तो कसा गेलेला दिसेल?"

"सरळ."

"आणि खाली उभ्या असलेल्या तुझ्या आईला?"

मी विचार केला. "तिरका. घोडा जिकडे चाललाय तिकडे ओढला गेल्यासारखा."

"झाला त्रिकोण. घोड्याचा वेग ही एक बाजू. तुझ्या हाताचा वेग ही दुसरी. आईला दिसला तो वेग तिसरी. घोडा म्हणजे पातं, चणा म्हणजे पाणी. आईला दिसलेला वेग घोड्याच्या दिशेला जितका कललेला, तितकी ताकद चाकाने पाण्याला दिली. बाकी सगळं आकडेमोडीचं."

मग त्यांनी पाकिटावर पातं काढलं, आधी पुढे वळलेलं, मग मागे वळलेलं, आणि दोन्हींचे त्रिकोण मला काढायला लावले. हात माझाच होता, असे त्रिकोण मी शेकडो काढले होते, पण या वेळी प्रत्येक रेघ कुणाची आहे ते मला माहीत होतं. पुढे वळलेलं पातं जास्त देतं हे खरं, पण ते बहुतेक वेगाच्या रूपात देतं. गच्चीवरच्या टाकीत पाणी चढवायला लागतो दाब, आणि वेगाचा दाब करताना त्यातलं बरंचसं वाया जातं. शिवाय व्हॉल्व्ह जितका उघडावा तितकं पुढे वळलेलं पातं मोटरकडून मागतच सुटतं, शेवटी मोटर जळायची वेळ येते. मागे वळलेलं पातं हात राखून देतं. पाणी वाढलं की दर थेंबामागचं देणं कमी करतं, आणि मोटर वाचते.

काकू दोनदा दारात येऊन गेल्या. निघताना मी म्हटलं की पुढच्या आठवड्यात मुलांना लॅबमधल्या पंपावर हेच दाखवीन. सरांचा चेहरा एकदम बदलला.

"त्या पंपाच्या नादी लागू नकोस. लॅबच्या मामांकडे मुलांच्या जुन्या जर्नल्स आहेत. रीडिंग त्यातली दे."

का, ते त्यांनी सांगितलं नाही. मीही विचारलं नाही. पण जिना उतरताना मला आठवलं की आम्हीसुद्धा पंपाची रीडिंग फळ्यावरूनच उतरवून घेतली होती. पंप पाच मिनिटं चालू केला होता, आवाज ऐकवला होता, आणि मग आकडे लिहून दिले होते. त्याचं मला तेव्हा काहीच वाटलं नव्हतं. उलट सबमिशन लवकर झालं म्हणून बरं वाटलं होतं.

सोमवारी वर्गात मी आधी सांगितलं की गेल्या आठवड्यातल्या प्रश्नाचं उत्तर मला येत नव्हतं, ते मी शिकून आलेय. मागे कुणीतरी हसलं. मी थांबले, हसू संपू दिलं आणि चौपाटीच्या घोड्यांपासून सुरुवात केली. त्या दिवशी वही मी टेबलावर ठेवली होती पण उघडली नाही. तास संपल्यावर ती मुलगी पुढे आली. मी तिला विचारलं, हा प्रश्न तुला सुचला कसा? ती म्हणाली, बोटीत साठलेलं पाणी उपसायचा पंप आहे, तो बिघडला की मीच खोलते. पाती बघितली होती, उलटी का वाटतात ते कधी कळलं नव्हतं. मग तिने विचारलं, लॅबमधला पंप खोलून बघता येईल का?

सरांनी नको म्हटलं होतं. मी हो म्हटलं.

लॅब तळमजल्यावर आहे आणि ती सांभाळणारे मामा मी विद्यार्थिनी असल्यापासून तेच आहेत. मला मॅडम म्हणतात, पण घाईत असले की तोंडून अजून "अगं पोरी" निघतं. त्यांच्या रिटायरमेंटला एक वर्ष उरलं होतं. पंप खोलायचा म्हटल्यावर ते स्टुलावरून उठलेच नाहीत. म्हणाले, मशीन जुनं आहे, खोललं आणि परत बसलं नाही तर नाव माझं येईल, वर्षावर आलेलं माझं पेन्शनचं काम कोण अडकवून घेणार. त्यांचं चुकीचं नव्हतं. मी तिथेच टेबलावर एक अर्ज लिहिला की हा पंप माझ्या सांगण्यावरून खोलला जातोय, काही बिघडलं तर जबाबदारी माझी. सही करून त्यांच्या हातात दिला. त्यांनी तो दोनदा वाचला, घडी घालून खिशात ठेवला आणि पाना शोधायला गेले.

काम तीन दुपारी चाललं. बोल्ट गंजले होते. ती मुलगी आणि वर्गातली आणखी चार-पाच जणं तास संपले की खाली यायची. मामा पुढे होऊन काम करत आणि आमच्याकडून बोल्ट क्रमाने कागदावर लावून घेत. तिसऱ्या दिवशी केसिंगचं, म्हणजे बाहेरच्या कवचाचं, झाकण निघालं. इम्पेलर धरून ठेवणाऱ्या नटावर पाना लावला, पण तो इतका सैल होता की बोटानेसुद्धा फिरला असता.

मामा वैतागून म्हणाले, "हा असाच. दर वर्षी सैल होतो. पाइप काढून, आत हात घालून दर वर्षी आवळतो."

मी ऐकलं आणि सोडून दिलं. माझं लक्ष इम्पेलरकडे होतं. मामांनी तो फडक्याने पुसला आणि माझ्या हातात ठेवला. जेवणाच्या ताटाहून लहान, पण चांगलाच जड, बिडाचा. पात्यांमधे मातकट थर बसला होता. मी तो दोन्ही हातांत धरून फिरवून बघितला आणि मुलांना विचारलं, हा कुठल्या बाजूला फिरत असेल? पाती मागे वळलेली हवीत, मग सांगा. त्यांनी त्रिकोण आठवून आठवून सांगितलं, मोटरच्या बाजूने बघितलं तर घड्याळाच्या काट्यांसारखा. माझंही उत्तर तेच होतं. केसिंगचा पोकळ भागही गोगलगायीच्या शंखासारखा त्याच दिशेने रुंद होत गेला होता.

मामा म्हणाले, "नाही. असा फिरतो." आणि त्यांनी हवेत बोट उलट्या बाजूला फिरवून दाखवलं.

मी म्हटलं, मामा, नीट आठवा.

"मॅडम, रोज बघतो. आठवायचं काय त्यात?"

एका मुलाने मोबाइल काढला. पंप खोलण्याआधी त्याने चालू पंपाचा व्हिडिओ घेतला होता. मोटर आणि पंप जोडणारा भाग त्यात स्पष्ट दिसत होता. थांबताना तो मंदावला तेव्हा कुठल्या बाजूला फिरतोय ते कळत होतं. मामांचं बरोबर होतं. पंप उलटा फिरत होता.

मग एकेक गोष्ट जुळत गेली. नट सैल होत होता तो म्हणूनच, प्रत्येक वेळी चालू केला की चाक त्याला सैल करत होतं. मामांनी केसिंगवरचा हिरवा रंग पान्याच्या टोकाने खरवडला, तर खाली ओतीव बाण निघाला. आमच्या उत्तराच्या दिशेचा. मामांना आठवलं की लॅब वरच्या मजल्यावरून खाली आणली तेव्हा वायरिंग नव्याने झालं होतं. मी कॉलेजात येण्याच्याही आधीची गोष्ट. मोटरला तीन फेजच्या तीन तारा जातात. त्यातल्या दोन तारांची अदलाबदल झाली की मोटर उलटी फिरते. असा पंप पाणी देत राहतो, कमी दाबाने, कमी जोराने, म्हणून बंद पडल्याशिवाय कुणाच्या लक्षातही येत नाही. आकडे पुस्तकासारखे येत नाहीत, इतकंच. आणि आमच्याकडे आकड्यांच्या जुन्या जर्नल्स होत्या.

मी इम्पेलर हातात घेऊन तशीच उभी राहिले. मला आनंदच झाला होता, खोटं कशाला बोलू. कागदावर काढलेल्या एका त्रिकोणाने मला समोरच्या लोखंडाबद्दल खरी गोष्ट सांगितली होती, आणि माझ्या आयुष्यात असं पहिल्यांदाच झालं होतं. आनंद ओसरल्यावर सरांचा विचार आला.

थर खरवडून, इम्पेलर बसवून, नट आवळून मामांनी मेन स्विच बंद केला आणि दोन तारा बदलल्या. पंप चालू केल्यावर पूर्वी अर्ध्याच्या खाली रेंगाळणारा दाबाच्या गेजचा काटा सरळ वर गेला आणि तिथे टिकला. मामांनी गेजच्या काचेवरून फडकं फिरवलं आणि पुन्हा बघितलं.

तेवढ्यात त्या मुलीने पुढचा प्रश्न विचारला. "मॅडम, उलटा फिरत होता म्हणजे पाती पुढे वळलेली झाली. मग गणिताप्रमाणे दाब वाढायला हवा होता. कमी कसा?"

याही प्रश्नाचं उत्तर मला माहीत नव्हतं. पण या वेळी मी उद्या सांगते म्हटलं नाही. मला माहीत नाही, इथेच काढूया, असं म्हणून खडू घेतला आणि आम्ही लॅबच्या जमिनीवर चित्र काढलं. पाणी आत शिरताना पात्याच्या कडेला कुठून भिडतं ते बघितलं. उलट्या दिशेत ते पात्यावरून सरळ सरकून न जाता त्यावर आडवं आदळत होतं. बाहेर पडल्यावर केसिंग रुंद व्हायला हवं, तर त्या बाजूने ते अरुंद होत जात होतं. ताकद पाण्याला मिळत होती, पण घुसळण्यात आणि आदळण्यात जात होती. पाऊण तास लागला. मुलांनी दोनदा मला इथे चुकतंय म्हणून अडवलं आणि दोन्ही वेळा त्यांचंच बरोबर निघालं. खात्रीसाठी पंप पुन्हा एकदा उलटा चालवून बघूया असं ती म्हणाली, तेव्हा मामांनी नट पुन्हा सैल होईल असं म्हणत पाचच मिनिटं परवानगी दिली. दाब पडला, पाणी कमी झालं, पण मोटर किती करंट घेते ते दाखवणारा काटा त्या मानाने उतरला नाही. सगळ्यांनी आपापल्या वहीत ते लिहून घेतलं.

दुसऱ्या दिवशी विभागप्रमुखांनी मला बोलावलं. सिलॅबस दोन आठवडे मागे पडलाय, आणि लॅबमध्ये काय चाललंय असं त्यांनी विचारलं. मी सगळं सांगितलं. तारांचं ऐकून त्यांनी कपाळाला हात लावला, पण लगेच म्हणाले की झालं ते झालं, या वर्षी जर्नल नेहमीच्याच रीडिंगने पूर्ण करून घे. मुलांची स्वतःची रीडिंग वाकडीतिकडी येतील, बाहेरचा परीक्षक मार्क कापेल.

मी म्हटलं, "कापू देत, सर. या वर्षी प्रत्येक बॅच स्वतःची रीडिंग घेईल. सिलॅबस मी शनिवारी जादा तास घेऊन भरून काढते."

"मुलं शनिवारी येणार नाहीत."

"येतील तितक्यांना शिकवीन."

मग तुझी जबाबदारी, असं ते म्हणाले. तो शब्द त्या महिन्यात मी दुसऱ्यांदा स्वतःवर घेत होते. पहिल्या शनिवारी अकरा मुलं आली. मी अकरांना शिकवलं. पुढे कधी वीस, कधी पंधरा. सगळा वर्ग कधीच आला नाही.

सरांना सांगायचं राहिलं होतं. फोनवर सांगण्यासारखं नव्हतं. मी दोन आठवडे टाळलं आणि एका रविवारी सकाळी गेले. या वेळी काकूंनी वेळेचं बंधन घातलं नाही. सर घरातल्या घरात चालायला लागले होते. मी पिशवीतून मुलांच्या रीडिंगचे कागद काढून त्यांच्यासमोर ठेवले. त्यांनी चष्मा लावला आणि आकड्यांवरून बोट फिरवलं. अर्ध्यात बोट थांबलं.

"दाब एवढा कसा येतोय?"

मी सांगितलं. तारा, बाण, नट, सगळं.

सरांनी चष्मा काढला, पुसला आणि पुन्हा लावला. खाली कुणीतरी भांडी विकत चाललं होतं. मग त्यांनी हळूहळू सांगितलं. लॅब खाली आली त्या वर्षीच त्यांना दिसलं होतं की आकडे पडलेत. पंप झिजला असं त्यांनी धरलं. नव्या पंपासाठी तीन वर्षं अर्ज केले. पंप मिळाला नाही. मग एका वर्षी सबमिशन तोंडावर आलं आणि त्यांनी जुने आकडे फळ्यावर लिहिले. फक्त त्या वर्षापुरते, असं म्हणून.

"मी वाकून एकदा बघितलं नाही," ते म्हणाले. "पंप कुठल्या बाजूला फिरतो हे मीच दर वर्षी शिकवत होतो, आणि मी बघितलं नाही."

आमच्यापैकीही कुणी बघितलं नाही, सर, एवढंच मी म्हटलं. मीही ते आकडे उतरवून घेतले होते आणि खूश झाले होते. ते त्यांचं समाधान करायला म्हटलेलं नव्हतं, आणि त्यांनीही ते तसं घेतलं नाही. त्यांनी कागद पुढे ओढले, आलेखाचा कागद मागितला आणि बिंदू मांडायला सुरुवात केली. दोन बिंदू रेषेच्या फार बाहेर पडत होते. टाकी भरायला लागणारा वेळ मुलांनी चुकीचा मोजला असणार, ती रीडिंग पुन्हा घ्यायला लाव, असं त्यांनी सांगितलं. जेवायची वेळ होईपर्यंत आम्ही तेच करत बसलो. त्यानंतर टर्म संपेपर्यंत दर रविवारी मी त्यांच्याकडे शिकायला जात होते. टर्बाइनचे सगळे धडे मी त्या खिडकीशी बसून नव्याने शिकले.

ओरलला बाहेरून आलेले परीक्षक वयस्कर होते. पहिल्या दोन-तीन जर्नल्स चाळून त्यांनी मला विचारलं की प्रत्येक बॅचचे आकडे वेगळे का आहेत. मी म्हटलं, प्रत्येकाने स्वतः घेतलेत म्हणून. त्यांनी पुन्हा पानं उलटली. त्या माझगावच्या मुलीला त्यांनी वीस मिनिटं बसवून ठेवलं. ती बाहेर आली तेव्हा घामाघूम झाली होती. म्हणाली, उलट्या फिरण्याबद्दलच सगळं विचारलं, इंग्रजी अडलं तिथे मराठीत सांगितलं, चालेल म्हणाले. दोन मुलांचे मार्क मात्र त्यांनी खरंच कापले. त्यांना स्वतःच्या आलेखाबद्दल काही सांगता आलं नव्हतं. ती मुलं माझ्यावर चिडली होती आणि त्यांची समजूत घालणं मला जमलं नाही.

लेखी परीक्षेचा निकाल काही डोळे दिपवणारा लागला नाही. नापास होणारे नेहमीइतके नसले तरी बरेच होते. त्या मुलीला साधारण मार्क पडले. गणिताच्या शेवटच्या पायरीत तिने आकडा चुकवला होता. मला तिच्यापेक्षा जास्त वाईट वाटलं. ती पास झाल्याचं सांगायला आली तेव्हा डब्यातून बोंबलाची चटणी घेऊन आली होती, मामांसाठी वेगळी आणि माझ्यासाठी वेगळी. आईला ती फार आवडली.

पुढच्या टर्मला सर पुन्हा रुजू झाले. मी विषयाच्या नोट्स नीट लावून त्यांच्या टेबलावर ठेवल्या. त्यांनी त्या उचलून विभागप्रमुखांच्या केबिनमध्ये नेल्या आणि हा विषय आता तिच्याकडेच राहू दे, मी थर्मोडायनॅमिक्स घेतो, असं सांगितलं. हे मला मागाहून कळलं. त्यांनी मला एवढंच विचारलं, लॅबमधल्या पाण्याच्या टर्बाइनकडे बघितलंस का कधी?

बघितलं नव्हतं. ती कोपऱ्यात ताडपत्रीखाली होती. आम्ही ताडपत्री काढली तेव्हा आत पाणी सोडायची झडप एका जागी जाम झालेली निघाली. मामांनी रिटायर होण्याआधी ती मोकळी करायचा हट्ट धरला आणि दोन महिने झटले. झडप हलली, पण पाणी सोडलं की चाक हव्या त्या वेगाला जात नाही. दिशा आम्ही पहिल्याच दिवशी तपासली, ती बरोबर आहे. या वर्षीच्या मुलांनी तीन कारणं शोधली, त्यातली दोन आम्ही मिळून खोडून काढली. तिसऱ्यासाठी येत्या शुक्रवारी दुपारी झाकण उघडायचंय. मामांना घरी निरोप दिलाय, लालबागहून चालत येतो म्हणालेत.